तुम्ही विचारलंत म्हणून: आमचा सिनेमा ओटीटीवर का नाही

लग्नाच्या पंगतीत विचारतात, सोसायटीच्या लिफ्टमध्ये विचारतात. एकदा तर दातांच्या डॉक्टरनं माझं तोंड उघडं असताना विचारलं, "तुमचा तो सिनेमा ओटीटीवर का नाही हो?" त्याला तेव्हा उत्तर देता आलं नाही. बाकीच्यांना एकच ठरलेलं उत्तर देत आलोय: ओटीटीवाल्यांना मराठी नको असतं. लोक माना डोलावतात, विषय संपतो. हे उत्तर सरसकट खोटं नाही. आमच्या सिनेमापुरतं मात्र खोटं आहे. एका कंपनीला सिनेमा हवा होता, आकडाही ठरला होता. घोडं अडलं ते एका कागदापाशी, आणि तो कागद माझ्याच हातचा आहे.

"पण थिएटरात पैसे सुटले असतील की," असं लगेच म्हणणाऱ्यांसाठी आधी हिशेब. 150 रुपयांचं तिकीट घ्या. त्यातच 18 टक्के जीएसटी असतो. तो काढला की उरतात 127 रुपये 12 पैसे. पहिल्या आठवड्यात मल्टिप्लेक्सशी निम्मी वाटणी धरली तर 63 रुपये 56 पैसे. वितरकाचं 15 टक्के कमिशन गेलं की 54. दुसऱ्या आठवड्यापासून आपला वाटा घसरत जातो. पोस्टर, प्रसिद्धी आणि डिजिटल प्रक्षेपणासाठी द्यायचा व्हीपीएफ हे वेगळंच. 80 लाखांचा सिनेमा या चोपन्न-चोपन्न रुपयांनी वसूल करायचा तर पहिल्याच आठवड्यात जवळपास दीड लाख माणसं यायला हवीत. आमचे शो दुपारी सव्वाबाराचे होते. सरकारचं अर्थसाहाय्य आहे, 'अ' दर्जाला 40 लाख, 'ब' दर्जाला 30. पण ते सिनेमा पुरा झाल्यावर, परीक्षण होऊन, आणि तोवर उसनवारीचं व्याज धावत असतं. त्यामुळे ओटीटीची रक्कम आमच्या बजेटात पहिल्या दिवसापासून जमेला धरलेली होती.

आता तो कागद.

सिनेमा ज्या कथेवर आहे तिचे लेखक निवृत्त शिक्षक. आम्ही सगळे त्यांना सर म्हणायचो. मार्च 2017 मध्ये त्यांच्या घरी बसून हक्क घेतले. शंभराचा स्टॅम्प पेपर, त्यावर चार ओळी: माझ्या अमुक कथेवर मराठी चित्रपट काढण्यास माझी संमती आहे. मोबदल्याचे रुपये 51,000 मिळाले. याबाबत माझी व माझ्या वारसांची काहीही तक्रार राहणार नाही. खाली सही, दोन साक्षीदार, त्यातले एक शेजारचे काका, दार उघडं दिसलं म्हणून आत आलेले.

2023 मध्ये कंपनीच्या वकिलांची मेल आली. कॉपीराइट कायद्याचं कलम 19 तोवर मी वाचलेलं नव्हतं. करारात मुदत लिहिली नसेल तर कायदा ती 5 वर्षं धरतो. प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. आणि वेगळं काही लिहून घेतलं नसेल, तर मिळालेले हक्क वर्षभरात वापरले नाहीत की तेही गेले. सरांच्या कागदावर तिन्हीपैकी एकाचाही उल्लेख नाही. म्हणजे त्यांच्या मते आमचे हक्क मार्च 2022 मध्ये संपले, जोवर होते तोवर भारतापुरतेच होते, आणि शूटिंग नोव्हेंबर 2018 ला, म्हणजे वीस महिन्यांनी सुरू झाल्यामुळे मुळात राहिले होते का, इथपासून शंका.

वर्षभराच्या आक्षेपातून सुटलो ते नशिबानं. पटकथेचा पहिला खर्डा ऑगस्ट 2017 मध्ये स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे ऑनलाइन नोंदवला होता, त्याची तारीख हाताशी होती. पटकथा लिहिली म्हणजेच हक्क वापरायला लागलो, हे त्यांनी कसंबसं मान्य केलं. नोंदणी मी केली होती ती कुणी चोरू नये म्हणून. उपयोगी पडली ती भलत्याच कामाला.

मुदतीच्या मुद्द्यावर मी खूप भांडलो. सेन्सॉरचं प्रमाणपत्र जानेवारी 2020 चं. मग थिएटरं बंद. प्रदर्शन नोव्हेंबर 2021 मध्ये, म्हणजे त्यांच्याच हिशेबानं मुदतीच्या आत. मुदतीत तयार झालेला सिनेमा मुदत संपल्यावर बेकायदा कसा होईल? एक वकील म्हणाले, बरोबर आहे, सिनेमाचा कॉपीराइट निर्मात्याचा. दुसरे म्हणाले, सिनेमा तुमचा, पण आतली कथा तुमची नाही, ती लोकांना दाखवत राहायला परवानगी लागतेच. दोघांनीही फी घेतली. कंपनीच्या वकिलांना कोण बरोबर याच्याशी देणंघेणं नव्हतं. वाद होऊ शकतो, एवढंच त्यांना पुरे. त्यांना चेन ऑफ टायटल हवी असते: कथा, पटकथा, संवाद, गीतं, संगीत, नट, संकलक, प्रत्येकाकडून निर्मात्याकडे हक्क आल्याची साखळी, एकही कडी न तुटता. त्यात आणखी एक कडी गायब निघाली. पटकथालेखक म्हणून मी माझ्याच कंपनीला हक्क दिल्याचा कागद नव्हता. ते काम दहा मिनिटांत झालं, दोन्हीकडे सही माझीच.

सरांचं तसं नव्हतं. सर 2020 मध्ये गेले. मृत्युपत्र नाही, पत्नी आधीच गेलेल्या, वारस तीन. कथेचा कॉपीराइट लेखकामागे 60 वर्षं राहतो, म्हणजे आता सह्या तिघांच्याही हव्यात. कागदावर "वारसांची तक्रार राहणार नाही" असं लिहिलंय हे मी दाखवलं. तक्रार नसणं आणि हक्क देणं या वेगळ्या गोष्टी आहेत, असं उत्तर आलं. मग दिवाणी न्यायालयाचा वारस दाखला, दोन वर्तमानपत्रांत जाहीर नोटीस. थोरल्यानं त्याच दिवशी सही केली. मुलगी न्यू जर्सीत. तिचं मुखत्यारपत्र तिथल्या नोटरीसमोर, मग त्यावर तिथल्या राज्याचं अपॉस्टिल, म्हणजे कागद परदेशात ग्राह्य धरला जावा यासाठीचं प्रमाणपत्र, मग मूळ प्रत कुरियरनं इकडे. इथे पोचल्यापासून 3 महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक शुल्क भरावं लागतं. पाकीट थोरल्याच्या कपाटात राहिलं आणि चौथ्या महिन्यात सापडलं. सगळं पुन्हा पहिल्यापासून.

धाकट्यानं सही करण्याआधी विचारलं, "तुम्हाला किती मिळणार?" तेव्हा राग आला होता. आता वाटतं, तिघांत नेमका प्रश्न त्यानंच विचारला.

लोक मला म्हणतात, एवढं साधं कसं कळलं नाही? 2017 मधला मी याला लगेच उत्तर देतो: सरांसमोर दहा पानी करार ठेवला असता तर त्यांनी चष्मा काढून विचारलं असतं, विश्वास नाही का? आणि वकिलाच्या फीत साउंड रेकॉर्डिस्टचा एक दिवस निघत होता. मी त्याला म्हणतो, दहा पानं कशाला, एकच वाक्य पुरलं असतं: "कॉपीराइटच्या पूर्ण मुदतीसाठी, संपूर्ण जगासाठी, ओटीटीसह सर्व माध्यमांसाठी, आणि कलम 19(4) लागू राहणार नाही." (19(4) म्हणजे ती वर्षभराची अट.) तो म्हणतो, हे वाक्य वाचून सरांनी सही केली असती? यावर माझ्याकडे उत्तर नाही. कदाचित केली नसती. कदाचित 51,000 मध्ये केली नसती, आणि ते रास्तच झालं असतं. खरं सांगायचं तर लेखक आणि निर्माता एकाच खुर्चीत बसले होते. लेखकाला वाटलं कागद निर्माता बघेल, निर्मात्याला वाटलं सर लेखकाचे आहेत.

कागद सुटला तरी पुढे आणखी एक खर्च बसलाय. दुसऱ्या भाषांतल्या डबिंगसाठी ओटीटीवाले संवाद वगळून फक्त संगीत आणि आवाजांचा वेगळा ट्रॅक मागतात. आमचं सगळं सिंक साउंड, म्हणजे शूटिंगच्या वेळीच जागेवर रेकॉर्ड केलेलं. संवाद काढला की त्याखालची पावलं, भांडी, दाराची कडीही जाते. ते आवाज स्टुडिओत पुन्हा करून घ्यायचे. शिवाय वरातीच्या प्रसंगात बँडवाले 11 सेकंद एक जुनं गाणं वाजवतात, ते म्युझिक कंपनीच्या परवानगीशिवाय चालत नाही. आणि नायिका नेमकी त्याच 11 सेकंदांत बोलते. त्यामुळे ते वाक्य पुन्हा डब करायचं.

दरम्यान त्या ओटीटी कंपनीनं ठरलेला आकडा मागे घेतला. आता पाहिलेल्या तासांवर पैसे देऊ म्हणतात. धाकट्याला त्यातला चौथा हिस्सा हवाय, मी पंधरा टक्क्यांवर आहे. न्यू जर्सीचं दुसरं मुखत्यारपत्र आलंय, मुद्रांकही वेळेत भरलाय.

तोवर कुठल्या फिल्म सोसायटीला शो लावायचा असेल तर डीसीपीची, म्हणजे थिएटरात दाखवायच्या डिजिटल प्रतीची, हार्ड डिस्क माझ्याकडे आहे. फक्त तसा शो आज चालतो की नाही, यावरही त्या दोन वकिलांची दोन मतं आहेत.