पदर

सोमवारपासून मनातून जात नाहीये. लोकलमध्ये समोरच्या मुलीने फोन उभा धरला होता. बुधवारी ऑफिसातल्या एकीने तो व्हिडिओ मला पाठवला, "तूच ना गं ही?" म्हणून. मुलगी पुढे, आणि मागे मी, खिडकीला टेकलेली, रडून सुजलेले डोळे. त्या आठवड्यातला माझा चेहरा मी घरातही कुणाला दाखवला नव्हता. तो आता गाण्यासकट लोकांच्या हातात आहे. मला विचारायला काय झालं होतं? दोन रात्री हेच.

शनिवारी जुना नोकिया ६६०० काढला. आईचा आवाज त्यात असेल असं वाटलं. त्याची बीएल-५सी बॅटरी अजून कोपऱ्यावरच्या दुकानात मिळते.

आवाज मिळाला. पण चित्र आईचं नाही. २००४ चं आहे, लेडीज डब्यातलं. समोरच्या बाकावर एक बाई मांडीवर पिशवी घेऊन मेथी निवडतेय. फोन नवा होता, जे दिसेल ते टिपत सुटले होते मी. व्हिडिओ जेमतेम दहा सेकंदांचा व्हायचा. सातव्या सेकंदाला ती वर बघते आणि पदर ओढते.

मला इतकी वर्षं वाटायचं, फोटोसाठी सावरला. आता पंधरा वेळा पाहिलं. खांद्यावर ओढला की तोंडावर? १७६ बाय १४४ च्या त्या चित्रात कळतच नाही. विचारलं मीही नव्हतं.

त्याच वर्षी दिल्लीतल्या शाळकरी मुलांच्या, फोनवरून पसरलेल्या त्या अश्लील क्लिपवरून याच डब्यात आम्ही किती तावातावाने बोललो होतो! पुढे आयटी (माहिती तंत्रज्ञान) कायद्यात न विचारता केलेल्या चित्रणाबद्दलचं ६६ई कलम आलं, २००९ पासून लागू झालं. पण ते खासगी अंगांच्या चित्रणापुरतं. मेथी निवडणाऱ्या बाईचा चेहरा त्यात बसत नाही. खिडकीला टेकलेल्या बाईचाही नाही.

त्या मुलीसाठी रागाचा लांबलचक मेसेज लिहून ठेवला होता. आज तो पुसला. "मागे मी आहे गं, तेवढं काढशील का?" एवढंच पाठवलं.

आणि माझी क्लिप? नवव्या सेकंदाला शेजारून आई विचारते, "मुलुंड गेलं का गं?" तिचा तेवढाच आवाज उरलाय माझ्याकडे. ती पुसता येत नाही.