दुपेडी मत आणि आमची सात किलोमीटरची वारी

आमची वारी म्हणजे आळंदी ते पंढरपूर नव्हे. आषाढी एकादशीला सकाळी राजेंद्रनगरातून निघायचं, महू नाका, मोती तबेला, हरसिद्धी करत पंढरीनाथाच्या देवळात पोचायचं. सात-आठ किलोमीटर. रिंगण नाही, मुक्काम नाही. रजा न मिळणाऱ्या इंदूरकरांची ही पळवाटच म्हणा, पण टाळ खरे असतात आणि पायाला येणारे फोडही.

यंदा भाचा बरोबर आला. वय सतरा. भक्तीबिक्ती काही नाही, त्याला माझ्याशी बोलायचं होतं. तो आणि त्याचे मित्र शनिवारी फासे टाकून एक खेळ खेळतात. त्यासाठी सगळं जगच रचलंय, नकाशे, राज्यं, देवदेवता. त्या जगासाठी एक दर्शन तयार करायचं काम याच्या वाट्याला आलं. मी एम.ए.ला तत्त्वज्ञान घेतलं आणि जन्मभर बँकेत पासबुकं भरली, त्यामुळे घरात असलं काही निघालं की मला भारी चेव येतो.

त्याचा पहिला खर्डा होता उजेडाचे लोक, अंधाराचे लोक, मग लढाई. मी म्हटलं, अरे, हे तिसऱ्या शतकात मेसोपोटेमियातल्या मानीने सांगून झालंय, आणि त्याचा गुंता तुझ्याहून सरस होता. त्याच्याकडे उजेडाचे कण अंधारात अडकलेले असतात आणि माणसाने जपून खाऊन-पिऊन ते सोडवायचे असतात. तुझ्याकडे नुसत्या तलवारी.

पोरगं रुसलं. पण महिन्याभराने जे घेऊन आलं ते मला आवडलं. नाव ‘दुपेडी मत’. सगळं दोन पेडांनी वळलेलं आहे: एक ‘ठाव’, जो हलत नाही, दुसरा ‘वाह’, जो थांबत नाही. माणूस जन्मतो तिथे त्याचा ठाव राहतो आणि वाह त्याला जगभर फिरवतो. तिथे कुणी गेलं की ‘मेला’ म्हणत नाहीत, ‘पेड सुटला’ म्हणतात. आणि आयुष्यात एकदा प्रत्येकाने आपल्या ठावापर्यंत पायी जायचं.

“मग तो वाह ठावाला ओढतो तरी कशाने?” अन्नपूर्णा रोडवर मी विचारलं. “एक हलत नाही, एक थांबत नाही. गाठ कुठे मारलीस?”

हा प्रश्न माझा नाही. १६४३ साली बोहेमियाच्या राजकन्या एलिझाबेथने फ्रेंच तत्त्वज्ञ देकार्तला पत्र लिहून हाच पेच टाकला होता: मनाला ना आकार ना वजन, मग ते शरीराला हलवतं कसं? देकार्तने पुढे मेंदूतल्या एका ग्रंथीवर सगळा भार टाकला. द्वैत, म्हणजे दोन वेगळी तत्त्वं, मांडणं सोपं. सांधा दाखवताना घाम फुटतो. आपल्याकडच्या सांख्य दर्शनात जग पुरुष (चेतना) आणि प्रकृती (जड सृष्टी) या दोहोंचं. सांख्यांनी निदान छान दृष्टान्त दिला. पुरुष पाहतो पण चालत नाही, प्रकृती चालते पण पाहत नाही. पांगळा आंधळ्याच्या खांद्यावर बसून वाट दाखवतो.

हे मी सांगत होते तेव्हा माझा उजवा गुडघा बोलू लागला होता, आणि डाव्या हाताला शेजारच्या काकू लटकल्या होत्या. त्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन अजून व्हायचंय. मी “खड्डा” म्हणायचे, त्या मला उचलून धरल्यासारख्या पुढे न्यायच्या. भाचा मागून हसत सुटला. “मावशी, तुझं सांख्य चाललंय बघ!”

“काय चाललंय?” काकूंनी विचारलं.

“काही नाही काकू, पाणी साचलंय, इकडून या.”

महू नाक्यावर पाऊस आला. दुकानाच्या पत्र्याखाली उभं राहून फराळी मिक्स्चर खाल्लं. शेजारी उभ्या एका मुलाने “भिया, कौनसा जुलूस है?” विचारलं, त्याला टाळ वाजवायला दिले. मी द्वैत मत मांडणाऱ्या मध्वाचार्यांचे पाच भेद सांगितले (जड म्हणजे निर्जीव वस्तू): जीव-ईश्वर, जीव-जीव, जीव-जड, ईश्वर-जड, जड-जड. शेवटचा भाच्याला फार पटला. एक दगडसुद्धा दुसऱ्या दगडासारखा नाही! त्याने लगेच फोनमध्ये टिपलं की दुपेडी लोक घर बांधताना प्रत्येक दगडाला नाव देतात. मग मी त्याला सांगितलं की याच द्वैत मताचे कन्नड संतकवी पुरंदरदास, १५६४ साली गेले, त्यांच्या पदांची मुद्रा, म्हणजे शेवटी येणारी सही, ‘पुरंदर विठ्ठल’. इकडे ज्ञानोबा अद्वैताचे, आणि अद्वैताने माझं समाधान होत नाही, तुझी चरणसेवाच गोड, असं म्हणणारे तुकोबाही त्याच दिंडीत.

“म्हणजे विठोबा कोणत्या पक्षाचा?”

“विटेवरून कुणाकडे सरकलेला दिसला नाही मला.”

पुढे भाच्याच्या हाती टाळ आले. तो दोन्ही वाट्या एकमेकींवर दाबून धरायचा, नुसतं थप्प थप्प. विणेकरी आजोबांनी त्याची मनगटं धरली. “चिकटवू नकोस. लागली की सोड.” तेवढ्यात नाद उमटला, कान किटेपर्यंत. दोरी एकच, वाट्या दोन. मला भरून आलं. मी म्हटलं, बघ, हा तुझा सांधा, लागून सुटणं.

“मावशी, हे फार गोड आहे,” तो म्हणाला. “यावर दोन पंथ भांडणार नाहीत. मला भांडण हवंय.”

त्याचं बरोबर होतं. मोती तबेल्यापाशी त्यानेच भांडण काढलं. दुपेडींतले अर्धे म्हणतात, ठावापर्यंत पोचलं की पेड जुळतात. तिथून निघूच नये. उरलेले म्हणतात, जुळले तर दोर कसला, गोळा झाला. म्हणून उंबऱ्याला हात लावून लगेच फिरायचं. पहिल्यांची गावं भरलेली, दुसऱ्यांचे रस्ते. मी एम.ए.च्या पेपरात याहून वाईट उत्तरं लिहिली होती.

देवळातली रांग लांब होती. काकूंना मूर्ती दिसेना, म्हणून मी कानात सांगत राहिले: तुळशीची माळ, पिवळा शेला, हात कमरेवर. त्यांनी डोळे मिटूनच नमस्कार केला. भाचा उंबऱ्याला हात लावून थबकला, मग काही न बोलता बाहेर आला.

पायरीवर बसून मी गुडघा चोळत होते. तो विचारात होता. “पण फिरणारे परत जातात कसे? परतीचं कुणी काही सांगतच नाही.”

“रिक्षाने,” काकू म्हणाल्या. “आधी पैसे ठरव, मग बस.”