नारा: एकदा पन्नास मिनिटांत, एकदा दिवसभर

जपानमधल्या नारा शहराला मी आणि आई तीन दिवसांत दोनदा गेलो. दुसऱ्यांदा का जावं लागलं ते आधी सांगते, म्हणजे तुमचे पैसे वाचतील.

पहिल्यांदा गेलो ते ओसाकाहून बसच्या टूरने. क्योटोतली आराशियामा, किन्काकुजी, फुशिमी इनारी ही ठिकाणं आणि नारा, सगळं एका दिवसात. बुक करताना वाटलं, आईचे गुडघे दुखतात, बस दारात सोडेल, बरंच आहे. प्रत्यक्षात क्योटोच्या ट्रॅफिकमध्येच अर्धा दिवस गेला. नाराला उतरलो तेव्हा साडेतीन वाजून गेले होते आणि परत बसमध्ये बसायला पन्नास मिनिटं होती. नोव्हेंबरात तिथे पाचच्या आत सूर्य मावळतो. हरणांसोबत फोटो, स्वच्छतागृहाची रांग, बुद्धाचं लांबून दर्शन, संपलं. परतताना आई म्हणाली, "अगं, यापेक्षा अष्टविनायकाची बस बरी. आठ गणपती उरकतात, पण निदान हात तरी जोडू देतात."

म्हणून एक दिवस सोडून पुन्हा गेलो. या वेळी फक्त नारा, पायी, गाईडबरोबर. आम्ही आठ जण होतो. गाईड एक निवृत्त शिक्षिका, हातात हिरवा रुमाल बांधलेली काठी, इंग्रजी सावकाश पण स्वच्छ. आईला त्या पहिल्या मिनिटापासून 'ओकासान' म्हणायला लागल्या. म्हणजे आईच.

जायचं कसं ते पटकन. ओसाकाच्या नाम्बा स्टेशनवरून किन्तेत्सु कंपनीची जलद गाडी घ्या. साधारण चाळीस मिनिटं लागतात, आम्ही गेलो तेव्हा तिकीट ६८० येन होतं. क्योटोहूनही किन्तेत्सु आहे. जेआर (जपान रेल्वे) पासच्या मोहाने जेआरच्या नारा स्टेशनवर उतरू नका. तिथून देवळांपर्यंत जास्तीची पंधरा-वीस मिनिटं चाल पडते आणि हीच पंधरा मिनिटं संध्याकाळी गुडघ्यांना आठवतात. किन्तेत्सु नाराच्या बाहेर आलात की पाच-सात मिनिटांत हरणं सुरू.

पहिलं ठिकाण कोफुकुजी, एक बौद्ध देऊळ. त्याचा पाच मजली पॅगोडा दुरुस्तीसाठी झाकलेला आहे आणि हे काम बरीच वर्षं चालणार आहे, तेव्हा त्या फोटोची आशा सोडा. पण तिथल्या संग्रहालयात जा. आत फोटो काढू देत नाहीत, ते एका परीने चांगलंच. तिथे 'आशुरा' उभा आहे. सन ७३४ मधली मूर्ती, कापडावर लाखेचे थर देऊन आतून पोकळ ठेवलेली, उंची जेमतेम दीड मीटर. तीन तोंडं, सहा हात, आणि चेहरा एखाद्या शाळकरी मुलाचा, भुवया किंचित आक्रसलेल्या. आई बराच वेळ बघत राहिली. "हा असुर?" गाईडबाईंनी सांगितलं की युद्ध सोडून बुद्धाचं रक्षण करायला आलेल्या आठ जणांपैकी हा एक. त्याच ओळीत 'कारुरा' होता. चोच बघितल्यावर सांगायची गरजच नव्हती, गरुड. 'केंदात्सुबा' म्हणजे गंधर्व हे मात्र मला ओळखता आलं नाही, आईने ओळखलं.

पुढे दिवसभर हाच खेळ चालला. बाई जपानी नाव सांगायच्या, आई मूळ शोधायची, आणि नाव जुळलं की बाई वहीत लिहून घ्यायच्या. ग्रुपमधलं एक ऑस्ट्रेलियन जोडपं दुपारपर्यंत आमच्याकडे बघूनच ठरवायला लागलं की फोटो काढायचा की नाही.

तोदाईजीला, म्हणजे मोठ्या बुद्धाच्या देवळाला, जाताना आधी नान्दाईमोन, म्हणजे मोठा दक्षिण दरवाजा लागतो. इथे बहुतेक लोक हरणांच्या नादात वर बघतच नाहीत. दोन्ही बाजूंना जाळीमागे आठ मीटरहून उंच लाकडी द्वारपाल आहेत, १२०३ साली उन्केई, काईकेई आणि त्यांच्या हाताखालच्या कारागिरांनी ६९ दिवसांत उभे केलेले. एकाचं तोंड उघडं, एकाचं मिटलेलं. उघडं म्हणजे 'आ', मिटलेलं म्हणजे 'उन्'. "ॐ," आई म्हणाली. बाई हसल्या, हेच सांगणार होते म्हणाल्या. सकाळी ऊन असताना जाळीमागचं बरं दिसतं. आदल्या वेळी संध्याकाळी तिथे नुसता अंधार होता.

आणि मग दाईबुत्सु, म्हणजे तो मोठा बुद्ध. बसलेली मूर्तीच पंधरा मीटर. शोमु सम्राटाने ७४३ मध्ये संकल्प सोडला, ७५२ मध्ये डोळे उघडण्याचा विधी झाला. तो करायला भारतातून आलेला भिक्षू होता, बोधिसेन. जपानी लोक त्याला 'बोदाईसेन्ना' म्हणतात, शिवाय 'बारामोन सोजो', म्हणजे ब्राह्मण आचार्य. तो चीनमार्गे ७३६ मध्ये जपानला पोचला होता. त्याने हातात कुंचला धरून बुबुळं रेखली, त्या कुंचल्याला लांब दोऱ्या बांधल्या होत्या आणि खाली जमलेल्यांनी त्या हातात धरल्या होत्या, पुण्य सगळ्यांपर्यंत पोचावं म्हणून. आपल्याकडे गणपती बसवताना तुपाची दूर्वा डोळ्यांना लावतात ना, तेच, फक्त पंधरा मीटर उंचीवर. तो कुंचला आणि दोरी अजून तिथल्याच शोसोइन या भांडारात जपून ठेवलेली आहे. ११८० मध्ये देऊळ जळलं, बुद्ध पुन्हा ओतावा लागला, तेव्हा ११८५ मध्ये तोच चारशेहून जास्त वर्षं जुना कुंचला बाहेर काढून गो-शिराकावा या माजी सम्राटाने डोळे उघडले. शोसोइनमधल्या वस्तूंचं प्रदर्शन दर वर्षी शरद ऋतूत नारा राष्ट्रीय संग्रहालयात भरतं. वस्तू दर वर्षी बदलतात आणि तिकीट वेळ ठरवून आधी घ्यावं लागतं.

हे सगळं फलकावर दोन ओळींत मिळत नाही, म्हणून गाईड घ्या म्हणते. आदल्या वेळी मी त्याच मूर्तीसमोर उभी राहून 'केवढी मोठी' एवढंच म्हणून परतले होते.

आताची इमारत १७०९ ची, सत्तावन्न मीटर रुंद. मूळची याच्या दीडपट होती. मूर्तीही थरांची आहे: डोकं सतराव्या शतकाच्या शेवटचं, कमळाच्या काही पाकळ्या मात्र पहिल्या, आठव्या शतकातल्या. मागच्या बाजूला एका खांबाला बुद्धाच्या नाकपुडीएवढं भोक आहे, त्यातून पलीकडे निघालात तर ज्ञानप्राप्ती निश्चित. शाळेच्या मुलांची रांग होती. पोट असलेल्यांनी दुरूनच बघावं.

बाहेर, देवळाकडे तोंड केलं की उजव्या हाताला, लाल टोपी आणि लाल उपरणं घातलेला एक झिजलेला लाकडी म्हातारा बसलाय. बिन्झुरु, मूळचा पिंडोल भारद्वाज. लोकांना दाखवायला चमत्कार केले म्हणून बुद्धाने त्याला फटकारलं, अशी कथा आहे. म्हणून तो बाहेर. त्याच्या ज्या अवयवाला हात लावाल तो तुमचा बरा होतो. आईने त्याच्या गुडघ्याला हात लावला, मग स्वतःच्या दोन्ही. "म्हणजे शिक्षा झालेला भारद्वाज लोकांचे गुडघे चोळत बसलाय," ती म्हणाली. मी हे भाषांतर करून सांगितल्यावर बाईंनी तेही वहीत लिहिलं.

आता जेवण, म्हणजे शाकाहारींची खरी परीक्षा. उदोन, मिसो सूप, उकडलेली भाजी, सगळ्याला 'दाशी' म्हणजे रस्स्याचं चवीचं पाणी असते, आणि दाशी बहुतेक वेळा वाळवलेल्या माशाची. 'मांस नको' म्हटलंत तर मासा येतो. 'मासा नको' म्हटलंत तर दाशी तशीच राहते. जपानीत लिहिलेली चिठ्ठी जवळ ठेवा आणि तिच्यात दाशीचा वेगळा उल्लेख असू द्या. आम्ही दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी नेली होती. स्टेशनजवळच्या गल्लीत उखळात कुटून केलेली हिरवी मोची, म्हणजे चिकट तांदळाचा मऊ गोळा, मिळते, आत लाल चवळीसारख्या अझुकीचं गोड पुरण. ती बिनधोक खा.

दशम्या मात्र बाकावर बसून उघड्यावर सोडू नका. हरणांना वास येतो. हरणांसाठी दोनशे येनला जे 'शिका सेम्बेइ' विकतात ते कोंडा आणि पिठाचे, तेवढेच द्यायचे. आपलं खाणं आणि प्लॅस्टिक त्यांच्या पोटात जाता कामा नये, त्याने हरणं दगावलेली आहेत. मी दशमीचा डबा छातीशी धरून उभी राहिले, तर एका हरिणाने मागून पिशवीच्या खिशातला नकाशा ओढून अर्धा खाल्ला. बाईंनी शिकवलं: दोन्ही हात रिकामे करून तळवे दाखवा. त्यांना कळतं आणि ती खरंच निघून जातात. लहान मुलं असतील तर सेम्बेइ हातात धरून हरणांना चिडवू नका, चावतात. शरदात नर माजावर असतात, मे-जूनमध्ये पाडसांच्या आया बिथरलेल्या असतात.

दुपारी कासुगा ताईशा. हे शिंतो, म्हणजे जपानच्या मूळ धर्माचं, ७६८ सालचं. तोपर्यंत बाईंनी फरक पाठ करून घेतला होता: तोरी, म्हणजे दोन खांबांची कमान, दिसली की देवस्थान शिंतो, तिथे दोनदा वाकायचं, दोन टाळ्या, पुन्हा एकदा वाकायचं. बौद्ध देवळात टाळी नाही, नुसते हात जोडायचे. आत शिरण्याआधी पळीने आधी डावा हात, मग उजवा, मग ओंजळीतून चूळ. पळीला तोंड लावायचं नाही. हे आईला सांगावं लागलं नाही, उलट तिने मलाच टोकलं.

कासुगाच्या वाटेवर दोन्ही बाजूंना शेवाळलेले दगडी दिवे आहेत. आतले टांगलेले धरून सुमारे तीन हजार. ते सगळे पेटतात फक्त फेब्रुवारीच्या सुरुवातीला आणि ऑगस्टच्या मध्यावर. पण आत तिकीट काढून गेलात तर एका अंधाऱ्या खोलीत काही दिवे कायम लावलेले असतात. लोक घाईत ती खोली चुकवतात. आदल्या टूरमध्ये कासुगा हे नावही कोणी काढलं नव्हतं.

गुडघ्यांचा प्रश्न असेल तर ही चढाची वाट टाळून स्टेशनपासून कासुगापर्यंत बसने जा आणि चालत खाली या. आम्ही उलटं केलं, चूक झाली. दिवसाची चाल नऊ-दहा किलोमीटर झाली. बूट काढायची वेळ नारात फारशी येत नाही, क्योटोत पावलोपावली येते, तेव्हा मोजे तिथल्यासाठी नीट ठेवा. कचरापेट्या नाहीत, आपली पिशवी आपल्याजवळ. प्रवेश फी बऱ्याच ठिकाणी रोखच द्यावी लागते आणि टूरच्या पैशांत ती धरलेली असतेच असं नाही, बुक करतानाच विचारा. स्वयंसेवक गाईडही मिळतात, फी घेत नाहीत, त्यांचं भाडं आणि तिकीट आपण द्यायचं. बरेच दिवस आधी कळवावं लागतं.

अडीच वाजता बाईंनी निरोप घेतला. बक्षिशी घेणार नाहीत हे माहीत होतं, म्हणून आईने उरलेली चटणीची पुडी दिली. त्यांनी ती दोन्ही हातांनी घेतली, आणि आत मासा नाही ना, असं हसून विचारलं.

तिथून आम्ही दोघी डोंगराच्या पायथ्याने निगात्सुदोला गेलो, वीस-पंचवीस मिनिटं. या देवळाचा सज्जा फुकट आणि कायम उघडा. इथला 'शुनिए' हा मार्चमधला विधी ७५२ पासून एकही वर्ष न चुकता होतोय, देऊळ जळालं त्या वर्षीसुद्धा. सज्ज्यातून खाली दाईबुत्सुच्या छपराची सोनेरी शिंगं आणि मागे सगळं नारा दिसतं. शेजारच्या विश्रांतीच्या खोलीत चहा ठेवलेला असतो, गरम, बिनदुधाचा, आपला आपण ओतून घ्यायचा. आईने दोन पेले प्यायले, गुडघे चोळले, आणि पेले धुऊन पालथे घातले. सूर्य मावळायला अजून बराच वेळ होता. आम्ही गाडीची वेळ बघितली नाही.