पंगतीत मिया मल्हार

लग्नाची सुपारी घेतली की आम्हा सनईवाल्यांचा दिवस ठरलेला असतो. देवकाच्या वेळी राग भैरव नाहीतर रामकली, वऱ्हाड दारात आलं की एखादी झटपट धून, मुहूर्ताच्या आधी तोडी, मंगलाष्टकं सुरू झाली की गप्प, आणि अक्षता पडल्या की जेवढा दम असेल तेवढा. भटजी उशिरा आले तर तोडी लांबवायची, लवकर आले तर आवरायची. पंगती सुरू झाल्यावर आमच्याकडे कुणाचं लक्ष नसतं. तेव्हा फर्माइशी येतात, त्याही सध्या हिट असलेल्या गाण्यांच्या.

कुडाळच्या त्या लग्नात तर फर्माइशही येण्याची शक्यता नव्हती, कारण हॉलच्या दुसऱ्या टोकाला डीजे होता. आम्ही कोल्हापूरहून गेलेलो चौघे: मी, सूर धरणारा माझा चुलतभाऊ, चौघडेवाला आणि संबळवाला. अक्षता पडल्यापासून डीजेने असा काही आवाज लावला होता की चौघडेवाल्याने काठ्या खाली ठेवून सरळ तंबाखू मळायला घेतली. मीही सनईच्या तोंडाची, फुंकायची पत्ती काढून पाण्याच्या वाटीत टाकली. मे महिन्याची दुपार, पत्ती सुकली की सूर फुटतो.

आणि लाइट गेली. जनरेटर होता, पण त्यात डिझेल नव्हतं. व्यवस्थापक कॅन घेऊन पळाला, पंखे थांबले, पंगतीत वाढप्यांचे आवाज तेवढे राहिले. मी पत्ती बसवली आणि काहीतरी धरायचं म्हणून बिहाग राग धरला. बिहागात हात फिरता फिरता 'तेरे सुर और मेरे गीत'वर आला. 'गूँज उठी शहनाई'तलं गाणं, 1959 सालचं. त्या सिनेमात शहनाई खुद्द बिस्मिल्ला खाँसाहेबांची आहे, त्यामुळे आमच्या घरात हा सिनेमा म्हणजे पाठ्यपुस्तक. माझ्या वडिलांनी मला बिहाग आधी या गाण्यातून दिला, बंदिश नंतर.

तेवढ्यात प्लास्टिकची खुर्ची ओढत एक म्हातारबाबा आमच्या चौथऱ्यापाशी आले. नवरीचे चुलत आजोबा. पांढरा शर्ट, कानात यंत्र. नातवाला म्हणाले, "ह्या आमच्या सोनवड्याच्या माणसाचा गाणा. जा तू, जेव." मग माझ्याकडे वळून स्वच्छ मुंबईच्या मराठीत विचारलं, "वसंत देसायांचं अजून काय येतं?"

त्या गाण्याचे संगीतकार वसंत देसाई याच भागातल्या सोनवड्याचे, जन्म 1912 चा. पोरवयात कोल्हापूरला 'प्रभात' फिल्म कंपनीत दाखल झाले आणि तिथे पडेल ते काम करत गोविंदराव टेंबे, केशवराव भोळे, मास्तर कृष्णराव अशा एकाहून एक गवयांच्या हाताखाली घडले. शांतारामबापूंनी 'प्रभात' सोडून 'राजकमल' काढलं तेव्हा देसाई त्यांच्याबरोबर गेले आणि 1943 च्या 'शकुंतले'चं संगीत त्यांनी केलं. हे मला माहीत होतं, कोल्हापूरकराला असतंच. आजोबांना मात्र पुढचं माहीत होतं. ते मुंबईत सिनेमाच्या वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवायचे, मागच्या रांगेत. आजूबाजूला बहुतेक गोवेकर, त्यांच्याकडूनच पाश्चात्य नोटेशन वाचायला शिकले. देसायांच्या काही रेकॉर्डिंगला बसले होते, शेवटच्या वर्षांत.

"पपीहरा येतो?" त्यांनी विचारलं.

'बोले रे पपीहरा.' 1971 चा 'गुड्डी', वाणी जयराम यांचं हिंदीतलं पहिलं गाजलेलं गाणं, राग मिया मल्हार, पावसाळ्याचा. मेच्या दुपारी, पंगतीत, मल्हार! पण सनईवाल्याला असं कुणी विचारलं की मागे हटवत नाही.

मिया मल्हार सनईवर काढणं म्हणजे ओठांची परीक्षा असते. कोमल निषाद, धैवत, लगेच शुद्ध निषाद आणि षड्ज. दोन्ही निषाद इतके जवळजवळ येतात की नुसत्या बोटांनी भागत नाही. भोक अर्धं उघडायचं आणि उरलेला सूर पत्तीवरच्या ओठाच्या दाबाने चढवायचा. कोमल गंधार तर हलता हवा, झुलवत ठेवायचा. पेटीवाला तिथे हात टेकतो, आम्ही नाही. मला हे वाजवायला मनापासून आवडतं, म्हणून मी मुखडा घेण्याआधी आलाप सुरू केला. खर्जाकडे, खालच्या सुरांकडे उतरलो, निषादांची जोडी दोनदा दाखवली, तिसऱ्यांदा दाखवणार तोच आजोबांनी हात वर केला.

"हे सगळं छान आहे. पण गाण्यात हे नाही."

"आजोबा, रागात आहे की."

"रागात असेल हो. गाणं किती मिनिटांचं? त्याच्यात जेवढं मावेल तेवढंच देसाई ठेवायचे. मुखडा वाजवा."

मी मुखडा वाजवला. त्यांनी पुन्हा वाजवायला लावला, मग एक ओळ नुसती गुणगुणून दाखवली, वयाने आवाज फाटलेला पण निषाद जागच्या जागी. आणि खरंच, दोन ओळींत मिया मल्हारचं अख्खं अंग येऊन जातं, एक सूर जास्त नाही. राग न कळणारा माणूस ते पावसाचं गाणं म्हणून म्हणतो, कळणारा मान डोलावतो.

मी म्हटलं, "आम्हाला लांबवायची सवय असते. भटजी येईपर्यंत ओढायचं असतं." ते हसले. म्हणाले, तुमचं बरोबर आहे, पण तेव्हा स्टुडिओत गायिका, तबला, सगळी व्हायोलिनं एकाच वेळी वाजायची. मागच्या रांगेत एकाचा गज चुकून लागला तरी पुन्हा पहिल्यापासून. लांबवायची चैन कुणाला परवडणार?

मग मीच विषय काढला 'झनक झनक पायल बाजे'चा, 1955. शीर्षकगीत अमीर खाँसाहेबांचं, राग अडाणा. ज्या गवयाची विलंबित बढत, म्हणजे संथ लयीत राग उलगडणं, तासभर चालायची, त्याच्याकडून देसायांनी काही मिनिटांत अडाणा काढून घेतला, आणि तो कुठे कापल्यासारखा वाटत नाही. तबल्याला सामताप्रसाद. मोठमोठ्या खाँसाहेबांना, पंडितांना सिनेमात आणणारे आणखीही होते, पण अनेकदा ते सजावटीपुरते येत. माझ्या मते देसाई इथे वेगळे ठरतात. त्यांचं गाणं उस्तादाकडे द्या, शाळेतल्या पोरांकडे द्या, उभं राहतं. 'हमको मन की शक्ति देना' घ्या. त्याच 'गुड्डी'तलं, राग केदार. षड्जावरून थेट मध्यमावर झेप हे केदाराचं लक्षण, आणि देशभरातल्या शाळांतली पोरं रोज सकाळी पटांगणात उभी राहून ती झेप घेतात. क्लासला जाऊन केदार शिकणाऱ्याला विचारा, तो मध्यम बसायला किती दिवस लागतात. 'दो आँखें बारह हाथ'ची प्रार्थना तशीच. मुलांना जमेल असं करणं हे उस्तादांना जमेल असं करण्यापेक्षा अवघड आहे, हे मी माझ्या पोराला सनई शिकवताना रोज बघतो.

देसायांच्या मृत्यूबद्दल मी विचारलं तेव्हा आजोबांनी "लिफ्ट" एवढंच म्हटलं आणि दुसरीकडे बघितलं. 22 डिसेंबर 1975. राहत्या इमारतीच्या लिफ्टमध्ये अपघात झाला. मी पुढे काही विचारलं नाही.

डिझेल आलं नव्हतं. एव्हाना पंगतीतले चारसहा जण चौथऱ्याभोवती जमले होते, चौघडेवाल्याने तंबाखू थुंकून काठ्या हातात घेतल्या होत्या. कुणी 'दिल का खिलौना हाय टूट गया' म्हणालं. लग्नात ते नको, असं नवरीच्या मावशीने वरच्यावर ठणकावलं. मग आजोबांनी शेवटची फर्माइश केली: 'घनश्याम सुंदरा'.

1951 चा 'अमर भूपाळी'. होनाजी बाळाची भूपाळी, पंडितराव नगरकर आणि लताबाई. महाराष्ट्रात सनईवर कुठली चाल सगळ्यात जास्त वाजली असेल तर हीच असणार, पण पहाटे. घड्याळात अडीच वाजले होते.

"आजोबा, भूपाळी आहे ती. वेळ तरी बघा."

"लग्नात कसलो टायम? वाजय तू." आता ते माझ्याशीही मालवणीत बोलायला लागले होते.

वाजवली. पहिल्या दोन ओळी होतायत न होतायत तोच मागून वाढप्या ओरडला, "अरुणोदय झालो, चाय टाकू काय?" आणि सगळी पंगत हसली. आजोबा सगळ्यात मोठ्याने. बिदागी देताना यजमानांनी ठरल्यापेक्षा वर पाचशे ठेवले, म्हणाले, हे काकांनी दिलेत, डीजेवाल्याला सांगू नका.