पर्सिव्हलसाहेबांची पेन्शन

सिंगापूरमध्ये परवानाधारक मार्गदर्शक म्हणून काम करताना मराठी पर्यटकांना अप्पर बुकित तिमाह रस्त्यावरच्या जुन्या फोर्ड कारखान्यात नेण्याची वेळ माझ्यावर क्वचितच येते, कारण सेंटोसा, नाइट सफारी आणि मुस्तफामधील खरेदी यांतून तिथे जायला वेळच उरत नाही. मागच्या वर्षी मात्र नगरहून आलेल्या एका कुटुंबाने हे ठिकाण मुद्दाम मागून घेतले. कुटुंबातील आजोबा मेकॅनाइज्ड इन्फन्ट्रीतून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले होते आणि त्यांनी निघण्यापूर्वीच मला फोनवर बजावले होते, "ताई, ती शरणागतीची खोली तेवढी चुकवू नका."

15 फेब्रुवारी 1942 रोजी संध्याकाळी याच कारखान्यात सिंगापूरचे ब्रिटिश सेनापती लेफ्टनंट जनरल आर्थर पर्सिव्हल यांनी जपानच्या जनरल यामाशितांसमोर शरणागतीपत्रावर सही केली. त्या दिवसाचे एक छायाचित्र जगभर छापले गेले. हाफ पँट, लांब मोजे आणि लोखंडी टोप घातलेले चार इंग्रज अधिकारी त्यात जपानी अधिकाऱ्यासोबत चालत येताना दिसतात. एकाकडे पांढरे निशाण, दुसऱ्याकडे युनियन जॅक, आणि उजव्या टोकाला उंच, काटकुळे पर्सिव्हल. सुभेदारसाहेबांनी चष्मा कपाळावर सरकवून ते अगदी जवळून पाहिले आणि म्हणाले, "यात आपला एकही माणूस नाही."

त्यांनी बरोबर जागी बोट ठेवले होते. मलायात, म्हणजे आजच्या मलेशियाच्या द्वीपकल्पात आणि सिंगापुरात, लढलेल्या ब्रिटिश सैन्यात जवळजवळ निम्मे जवान हिंदुस्थानी होते. मी त्यांना सांगितले की 17वी इंडियन डिव्हिजन 1941 मध्ये त्यांच्या नगरलाच उभी राहिली आणि तिच्या 44 व 45 क्रमांकाच्या ब्रिगेड इथे पाठवल्या गेल्या. बहुतेक पोरे नवभरतीची होती आणि त्यांचा सराव चालला होता तो मध्यपूर्वेतील मोकळ्या मैदानांवरच्या लढाईचा. 45वी ब्रिगेड जानेवारी 1942 मध्ये मुआर नदीकाठी जवळजवळ संपली. सुभेदारसाहेब नगरच्या माळरानावर स्वतः घाम गाळलेले. रबराच्या मळ्यांत त्या सरावाचा काय उपयोग, हे त्यांना समजावून सांगण्याची गरज नव्हती.

"मग या साहेबाचं कोर्ट मार्शल कुठं झालं?" त्यांचा पुढचा प्रश्न. झालेच नाही, म्हटल्यावर ते भिंतीलगतच्या बाकावर बसले आणि मला सगळे पहिल्यापासून सांगावे लागले.

पर्सिव्हल घराण्याने शिपाईगडी नव्हते. लंडनमधली कारकुनी सोडून 1914 मध्ये सव्विसाव्या वर्षी ते भरती झाले आणि पहिल्या महायुद्धात पश्चिम आघाडीवर त्यांनी मिलिटरी क्रॉस आणि डीएसओ ही शौर्यपदके मिळवली. विशेष म्हणजे 1936 ते 1938 या काळात ते मलायातच जनरल डॉबी यांच्या हाताखाली होते आणि शत्रू थायलंडच्या दक्षिण किनाऱ्यावर व मलायाच्या केलांतान प्रांतात उतरून सिंगापूरवर पाठीमागून येईल, असा अंदाज त्यांनी तेव्हाच मांडला होता. 8 डिसेंबर 1941 रोजी जपानी फौज थायलंडमधील सिंगोरा व पट्टनी आणि केलांतानातील कोटा भारू येथे उतरली. म्हणजे धोका ओळखणारा माणूसच सेनापतिपदी होता. तरीही मुख्य अभियंता ब्रिगेडियर सिमसन यांनी बेटाच्या उत्तर किनाऱ्यावर मोर्चेबंदी करण्याचा आग्रह धरला, तेव्हा अशाने सैनिकांचे व नागरिकांचे मनोधैर्य खचेल, असे सांगून पर्सिव्हल यांनी तो नाकारला. विमाने अपुरी होती, रणगाडे जवळजवळ नव्हतेच, हे खरे. पण हा नकार मला आजही माफ करण्याजोगा वाटत नाही, आणि तसे मी स्पष्ट सांगते.

शरणागतीनंतरची साडेतीन वर्षे ते सिंगापुरातील चांगी, फोर्मोसा (आजचे तैवान) आणि मांचुरियात युद्धकैदी होते. 2 सप्टेंबर 1945 रोजी टोकियोच्या उपसागरात 'मिसुरी' या अमेरिकी युद्धनौकेवर जपानने शरणागती पत्करली, तेव्हा अमेरिकेचे जनरल मॅकआर्थर यांनी त्यांना मुद्दाम आपल्या मागे उभे केले आणि सहीच्या लेखण्यांपैकी एक त्यांना दिली. दुसऱ्याच दिवशी फिलिपीन्समध्ये बागियो येथे यामाशितांनी शरणागती पत्करली, तेव्हाही पर्सिव्हल हजर होते. मायदेशी मात्र ना चौकशी, ना 'सर' ही पदवी. 1946 मध्ये निवृत्त करताना लेफ्टनंट जनरल हा हुद्दा केवळ मानापुरता ठेवला गेला आणि पेन्शन मिळाली ती मेजर जनरलची.

इथे सुभेदारसाहेब एकदम हसले. "म्हणजे वन रँक वन पेन्शनचं दुखणं गोऱ्यांच्या जनरललाही होतं तर!" सूनबाई मोबाइलवरून नजर उचलून पाहू लागल्या, इतके ते मोठ्याने हसले.

उरलेले आयुष्य पर्सिव्हल यांनी मुख्यतः अतिपूर्वेतील माजी युद्धकैद्यांच्या संघटनेला दिले. त्यांनी जपानच्या गोठवलेल्या मालमत्तेतून कैद्यांना 50 लाख पौंड मिळवून देण्यास हातभार लावला आणि ते वाटणाऱ्या निधीचे अध्यक्षपदही सांभाळले. ज्यांना त्यांनी शत्रूच्या हाती सोपवले, तीच माणसे त्यांच्याविषयी आपुलकी बाळगून होती, हे मला सेनापतीच्या कोणत्याही पदकापेक्षा मोलाचे वाटते. 1966 मध्ये ते वारले.

"आणि आपल्या पोरांचं?" आजोबांनी विचारले.

शरणागतीनंतर दोन दिवसांनी फॅरर पार्कच्या मैदानावर 40,000 हून अधिक हिंदुस्थानी जवान गोऱ्यांपासून वेगळे काढून जपान्यांच्या ताब्यात दिले गेले. त्यांतले हजारो आझाद हिंद सेनेत गेले. नकार देणाऱ्यांपैकी अनेकांना न्यू गिनीसारख्या ठिकाणी मजुरीला नेले गेले आणि त्यांतले पुष्कळ परत आलेच नाहीत. युद्ध संपल्यावर ब्रिटिशांशी निष्ठा किती राहिली, यावरून आझाद हिंद सेनेतल्यांची पांढरे, करडे आणि काळे अशी वर्गवारी झाली. 'काळे' ठरलेल्यांना बडतर्फ करून त्यांचा त्या काळातला पगार जप्त करण्यात आला. सुभेदारसाहेबांनी पगाराच्या त्या वाक्यापाशी मला थांबवून तेच पुन्हा सांगायला लावले, खिशातल्या डायरीत टिपून घेतले, आणि सेंटोसाची तिकिटे दुसऱ्या दिवसावर ढकलता येतील का, असे विचारले. क्रांजीच्या युद्धस्मारकाच्या भिंतींवर ज्यांची कबर किंवा चितेची जागाही सापडली नाही अशा 24,000 हून अधिक जणांची नावे कोरलेली आहेत, त्यांत जाट आणि गढवाल रायफल्सचे रकाने त्यांना पाहायचे होते. मी ड्रायव्हरला गाडी तिकडे वळवायला सांगितली.