तुम्ही विचारलंत म्हणून: वेळ लांबवता येतो का?

‘सुट्टी भुर्रकन संपते आणि रांगेतली दहा मिनिटं सरता सरत नाहीत. हे उलटं करता येईल का?’ काळाच्या जाणिवेचा विषय निघाला की हा प्रश्न मला हटकून विचारला जातो. करता येतं. पण कुठला वेळ बदलायचाय, हे आधी ठरवावं लागतं.

माझी मांडणी अशी आहे. प्रत्येक तासाची नोंद मनात दोन खात्यांवर होते. चालू खात्यावर, तो तास सरत असताना किती लांब वाटला याची. आणि आठवणीच्या खात्यावर, मागे वळून पाहताना तो किती मोठा भासतो याची. पहिलं खातं लक्षावर चालतं: वेळेकडे जितकं लक्ष, तितका तो लांबतो. दुसरं बदलांवर चालतं: जितके निरनिराळे प्रसंग आठवतील, तितका तो मोठा. रंगून गेलात की पहिलं घटतं, दुसरं भरतं. रांगेत नेमकं उलट. हा भेद अमेरिकन मानसशास्त्रज्ञ विल्यम जेम्स यांनी १८९० मध्येच नोंदवला होता. खात्यांची मांडणी आणि पुढची कृती तेवढी माझी. दोन्ही खाती एकदम वाढवायला निघालेल्याच्या हाती बहुधा काहीच लागत नाही.

आधी स्वतःचं मिनिट मोजा. फोनवर स्टॉपवॉच लावा, आकड्यांवर कागदाची पट्टी ठेवा, लॅपचं, म्हणजे टप्प्याची वेळ नोंदवणारं, बटण तेवढं उघडं राहू द्या. मनात न मोजता, मिनिट झालं असं वाटेल तेव्हा बटण दाबा. असं सलग पाच वेळा. मग पट्टी काढा, आकडे चढत्या क्रमाने लावा आणि मधला घ्या. समजा ४८ सेकंद आले. पुष्कळांना वाटतं, म्हणजे आपला वेळ पटकन जातो. तसं नाही. तुमची आतली साठ सेकंदं ४८ मध्येच भरली, म्हणजे घड्याळाचं एक मिनिट तुम्हाला ७५ सेकंदांएवढं वाटतंय (६० × ६० ÷ ४८). तुमचा वेळ रेंगाळतोय.

आता हेच पाच लॅप एखादा मजकूर मोठ्याने वाचत वाचत घ्या. आकडा बहुतेकदा वाढतो. दोन आकड्यांमधला फरक म्हणजे लक्ष दुसरीकडे गेल्यावर तुमचं चालू खातं किती हलतं, त्याचं माप. मला सगळ्यात मोलाचा वाटतो तो हाच आकडा.

मोजणी बिघडण्याची कारणं ठरलेली आहेत. मनात ‘एक, दोन’ सुरू झालं की जाणीव मोजली जात नाही, फक्त तालाचा सराव होतो. मध्येच निकाल पाहिला की पुढचा लॅप आपोआप दुरुस्त होतो. अंगात ताप असला की मिनिट लवकर भरतं. आणि एकाच बैठकीत ३०, ६० आणि १२० सेकंदं मिसळू नका: छोटा अवधी फुगतो, मोठा आक्रसतो, सगळे मधल्याकडे ओढले जातात. जर्मन शरीरक्रियाशास्त्रज्ञ कार्ल फॉन फियरॉर्ट यांनी १८६८ मध्येच हा कल दाखवून दिला होता. साठ सेकंदांत सहाची चूक आणि १२० मध्ये बाराची, ही एकाच दर्जाची समजा. अवधी वाढला की चूक साधारण त्याच प्रमाणात वाढते.

वाट पाहण्याचा वेळ आखडायचा असेल तर गजर लावा आणि घड्याळ नजरेआड करा. ‘किती झालं?’ हे तपासणंच चालू खात्यात भर घालतं. गजर ती राखण स्वतःकडे घेतो. सोबत हात आणि डोळे दोन्ही गुंततील असं काम हवं. फार सोपं काम चालत नाही, लक्ष निसटून पुन्हा वेळेकडे येतं.

आठवणीतला वेळ वाढवायचा असेल तर कामांची संख्या वाढवून उपयोग नाही. एकाच खोलीत, एकाच पडद्यावर केलेली सहा कामं पुढे एकच होऊन आठवतात. तीन तासांचे चार तुकडे करा आणि प्रत्येक तुकड्याला जागा, सोबत किंवा कामाची जात, यांतलं काहीतरी बदला. रात्री तीन नेमके प्रसंग लिहा. ‘छान गेला दिवस’ असलं मोघम नको. बदल नसले तर काय होतं, हे फ्रेंच भूगर्भशास्त्रज्ञ मिशेल सिफ्र यांच्या प्रयोगात दिसतं. १९६२ मध्ये ते घड्याळाशिवाय दोन महिने एका अंधाऱ्या गुहेत राहिले. १४ सप्टेंबरला बाहेर आले, तेव्हा त्यांच्या हिशेबाने २० ऑगस्ट होता. पंचवीस दिवस आठवणीत जमाच झाले नव्हते.

एक मर्यादा मात्र कुठल्याच कृतीने ओलांडली जात नाही. अपघाताच्या क्षणी सगळं संथ झालं, असं लोक सांगतात. २००७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात माणसांना ३१ मीटरवरून जाळ्यात पडू दिलं. मनगटावरच्या पडद्यावर आकडे इतक्या वेगाने बदलत होते की एरवी ते वाचता येत नाहीत. स्वतःचं पडणं त्यांना दुसऱ्याच्या पडण्यापेक्षा सरासरी ३६ टक्के लांब वाटलं, पण आकडे काही वाचता आले नाहीत. त्या क्षणी नजर वेगवान झाली नव्हती. फुगलं ते आठवणीचं खातं. त्यामुळे चेंडू लवकर दिसावा किंवा ब्रेक लवकर लागावा म्हणून कुणी ही मांडणी वापरू पाहत असेल, तर मी नकोच म्हणते. तिथे त्या त्या कामाचाच सराव करावा लागतो.