एका ‘ळ’पायी अडकलेले अठ्ठ्याहत्तर हजार

आमच्या आडनावात ‘ळ’ आहे. पुण्या-नागपुरात यात सांगण्यासारखं काही नाही, पण ग्वाल्हेरच्या मराठी माणसाला विचारा. हिंदीत ‘ळ’चा ‘ल’ होतो, आणि तिथून नाव इंग्रजीत गेलं की एक टाइप करणारा ‘ई’वर थांबतो, दुसरा त्यापुढे ‘वाय’ लावतो. आमची चौथी पिढी इथल्या लष्कर भागात राहते आणि घरातल्या कागदांवर आमचं आडनाव तीन तऱ्हांनी लिहिलेलं आहे. आजवर त्यावाचून काही अडलं नव्हतं. २०२५च्या उन्हाळ्यात अडलं. छतावरच्या सोलरची ७८,००० रुपयांची सबसिडी त्या एका अक्षरापायी अडीच महिने अडकून पडली. पैसे मिळाले, पण राग गेलेला नाही. आणि इथल्या किती मराठी घरांत हेच होणार आहे हे दिसतंय, म्हणून लिहायला बसले.

हा खटाटोप सुरू झाला थंडीमुळे. इथल्या मे-जूनच्या लूबद्दल सगळे बोलतात, पण जानेवारीत आठ-आठ दिवस धुकं हटत नाही, तेव्हा जुन्या दगडी घरात ऐंशी ओलांडलेल्या माणसाचे काय हाल होतात ते घरातल्यांनाच कळतं. सासूबाईंच्या खोलीत दोन हजार वॅटचा कॉइलचा हीटर रात्री आठ तास चालायचा. म्हणजे एका रात्रीत सोळा युनिट. आणि उन्हाळ्यात त्याच खोलीतला बारा वर्षांचा जुना एसी. दोन्ही ऋतूंत बिल बघून ह्यांचा चेहरा उतरायचा, आणि ते बघून सासूबाई अंगावर दोन रजया ओढून म्हणायच्या, “बंद कर गं तो हीटर, मला नाही वाजत थंडी.” ते मला सहन होईना.

दुकानात चौकशी केली तेव्हा ‘हॉट अँड कोल्ड’ एसीबद्दल नीट समजलं. हा उन्हाळ्यात घरातली उष्णता बाहेर टाकतो आणि थंडीत तेच चक्र उलटं फिरवून बाहेरच्या हवेतली उष्णता आत आणतो. कॉइलचा हीटर एका युनिट विजेची एका युनिटएवढीच उष्णता देतो. हा उष्णता तयार करत नाही, नुसती वाहून आणतो, म्हणून तेवढ्याच विजेत तिपटीच्या आसपास देतो. बाहेर चार-पाच अंश असलं तरी चालतो, बर्फाच्या प्रदेशात लागते तशी खास यंत्रणा आपल्याकडे लागत नाही. एक मात्र लक्षात ठेवा, एसीवरचे वीजबचतीचे तारे थंड करण्याच्या कामावर दिलेले असतात, गरम करण्याच्या नव्हे. आणि लेबलवरचं वर्ष वाचा. ताऱ्यांचे निकष दर काही वर्षांनी कडक होतात, त्यामुळे जुन्या लेबलचे पाच तारे आणि नव्या लेबलचे पाच तारे सारखे नसतात.

आता सवलत. आपण ग्वाल्हेरकर सवलत म्हटलं की इथल्या व्यापार मेळ्याकडे बघतो. सरकारचा आदेश निघाला की मेळ्यातल्या गाड्यांना रोड टॅक्समध्ये पन्नास टक्के सूट मिळते, त्यासाठी लोक वर्षभर गाडी घ्यायचे थांबतात. एसीला तसं काही नाही. आमच्या सीएंनाही विचारलं, घरच्या एसीवर किंवा सोलरवर इन्कम टॅक्समध्ये वजावट मिळत नाही. माझ्या भाचीने न्यू जर्सीत २०२४ साली हीट पंप बसवला, म्हणजे आपला हॉट अँड कोल्डच, मोठा. तिला खर्चाच्या ३० टक्के, कमाल २,००० डॉलर, थेट टॅक्समधून वजा मिळाले. ती सवलतही तिकडे ३१ डिसेंबर २०२५ नंतर बंद झाली. आपल्याकडे घरातल्या गारव्या-उबेसाठी सरकारचा जो खरा पैसा मिळतो, तो एसीवर नाही, त्याला लागणाऱ्या विजेवर मिळतो. छतावरच्या सोलरसाठीची पीएम सूर्यघर योजना, फेब्रुवारी २०२४मध्ये सुरू झालेली. पहिल्या दोन किलोवॅटला प्रत्येकी ३०,०००, तिसऱ्याला १८,०००, एकूण ७८,०००. तीनच्या वर कितीही बसवा, तेवढेच.

तेव्हा ठरवलं, आधी सोलर, मग एसी.

घरचं विजेचं कनेक्शन सासऱ्यांच्या नावावर होतं. ते जाऊन चौदा वर्षं झाली, पण बिल येत होतं, आम्ही भरत होतो, कुणी काही विचारत नव्हतं. सबसिडी मात्र ज्याच्या नावाचं कनेक्शन त्यालाच मिळते. म्हणून फेब्रुवारीत ह्यांच्या नावावर करायला अर्ज टाकला. मृत्यूचा दाखला, घराची कागदपत्रं, भरलेलं शेवटचं बिल, आणि दोन्ही वन्संचं शपथपत्र की आमची हरकत नाही. एक वन्सं जबलपूरला, एक पुण्याला. त्यांनी चार दिवसांत कुरिअर केलं. एप्रिलमध्ये नाव बदललं. मी नवं बिल देवाजवळ ठेवलं, नीट वाचलं नाही. इंग्रजी आडनावात शेवटचा ‘वाय’ नव्हता. आधार, पॅन, बँक, तिन्हीकडे तो आहे.

वाचलं सोलरवाल्याने. तो म्हणाला, “भाभीजी, चल जाता है, बाद में ठीक करा लेंगे.” मी मान डोलावली. ही माझी चूक. बिलावरचं नाव आणि बँकेतलं नाव अक्षरन् अक्षर जुळल्याशिवाय सूर्यघरच्या पोर्टलवर अर्जच टाकू नका. त्या वेळी दुरुस्तीला आठवडा लागला असता.

मधलं सगळं सुरळीत झालं. पोर्टलवर बिलावरचा आयव्हीआरएस नंबर, म्हणजे ग्राहक क्रमांक, टाकला, मंजुरी आली, मेमध्ये तीन किलोवॅटचं सोलर बसलं, जूनमध्ये दिलेली-घेतलेली वीज मोजणारा नेट मीटर लागला, तपासणी झाली. मग बँकेचा तपशील भरून रद्द केलेला चेक चढवला. तीस दिवसांत पैसे येतील म्हणाले. नवव्या दिवशी संदेश आला, नाव जुळत नाही.

बँकेत गेले. तिथल्या मुलीने शांतपणे समजावलं, खात्यातलं नाव आधार आणि पॅनप्रमाणे आहे, ते बदललं तर ह्यांच्या पगारापासून एफडीपर्यंत सगळं हलेल. तिचं बरोबर होतं. आधार केंद्रावरचा माणूस म्हणाला, आधारवरचं नाव बरोबर असताना ते बिघडवायला कशाला आलात. त्याचंही बरोबर. चुकलेला कागद एकच होता, बिल, आणि ते दुरुस्त करणारं ऑफिस घरापासून दहा मिनिटांवर.

वीज कंपनीच्या त्या झोन ऑफिसात मी जूनच्या शेवटापासून ऑगस्टपर्यंत तेरा वेळा गेले. तारखा डायरीत लिहिलेल्या आहेत. पहिल्या दिवशी खिडकीवरच्या बाबूंनी अर्ज न वाचताच सांगितलं, “नामांतरण का फॉर्म भरिए.” मी म्हटलं, नामांतरण झालंय, स्पेलिंग चुकलंय. “वही फॉर्म है.” भरला. पंधरा दिवसांनी कळलं, फेटाळला, कारण या कनेक्शनचं नामांतरण याच वर्षी झालेलं आहे. पुन्हा गेले. आता म्हणाले, वारसांचं शपथपत्र जोडलेलं नाही म्हणून फेटाळला असेल. मी वन्संना पुन्हा फोन केला. पुण्याच्या वन्संचं गुडघ्याचं ऑपरेशन झालेलं, त्या वॉकर घेऊन नोटरीकडे गेल्या. त्या कागदासकट दुसरा अर्ज. तोही फेटाळला. कारण कुणी सांगेना.

त्या खोलीत एक बाक होता, त्यावर चौघं बसायचो आणि बाकीचे भिंतीला टेकून. साडेदहाला खिडकी उघडायची, अकराला सर्व्हर जायचा. लोकांच्या हातात दुरुस्तीचेच कागद. एका म्हाताऱ्या काकांचं बिल मीटर रीडिंगच्या चुकीने अकरा हजारांचं आलं होतं, ते रोज घरून डबा घेऊन यायचे. एकदा मी विचारलं, नेमकं कोणाच्या टेबलावर अडलंय ते तरी सांगा. उत्तर आलं, नाव सर्व्हरवरून येतं, सर्कल ऑफिसला जा. सर्कल ऑफिसने सांगितलं, हे झोनचं काम. ह्यांनी एक दिवस रजा काढून सोबत यायचं ठरवलं, तर त्या दिवशी साहेब मीटिंगला. घरी येऊन हे म्हणाले, “सोडून दे, समजू आपण की मिळालेच नाहीत.” मला रडू आलं. अठ्ठ्याहत्तर हजार आमच्यासाठी सोडून देण्याचा आकडा नाही. आणि सोडायचे कशासाठी? आम्ही एकही कागद खोटा दिला नव्हता. नाव आमचं, चूक त्यांच्या टायपिंगची, आणि पुरावे आम्ही द्यायचे.

तोडगा निघाला तो खिडकीबाहेर. बाराव्या खेपेला पाऊस लागला म्हणून पोर्चमध्ये उभी होते. शेजारी एक वयस्कर लाइनमन चहा पीत होते. मी काही विचारलं नव्हतं, त्यांनीच माझ्या हातातला फॉर्म पाहिला आणि म्हणाले, “ये गलत है. आपको नाम सुधार चाहिए, नामांतरण नहीं.” दोन वेगळे अर्ज! नामांतरण म्हणजे मालक बदलणं. नाम सुधार म्हणजे त्याच मालकाचं नाव दुरुस्त करणं. त्याला वारस लागत नाहीत, शपथपत्र लागत नाही. आधारची प्रत, जुनं बिल आणि एका पानाचा अर्ज. आत जाऊन मी ‘नाम सुधार’ हे दोन शब्द उच्चारले, तर त्याच बाबूंनी त्याच ड्रॉवरमधून दुसरा कागद काढून दिला. दीड महिना तो कागद तिथेच, हाताच्या अंतरावर होता.

चार दिवसांत नाव दुरुस्त झालं. तेरावी खेप बिलाची प्रत आणायला. पोर्टलवर बँकेचा तपशील पुन्हा पाठवला आणि ऑगस्टच्या शेवटी, गणपतीच्या तयारीत असताना, ह्यांच्या फोनवर जमा झाल्याचा संदेश आला. मी तो तीनदा वाचला. त्या दिवशी मी पेढे घेऊन ऑफिसात गेले, फक्त त्या लाइनमनकाकांसाठी.

एसी मात्र मी मुद्दाम थांबवला. सप्टेंबरच्या सुरुवातीला जीएसटी कमी होणार असं जाहीर झालं. २२ सप्टेंबर २०२५पासून एसीवर २८चे १८ टक्के झाले. कराआधी ४०,००० किंमत असलेला एसी ५१,२००चा ४७,२००ला येतो, थेट चार हजारांचा फरक. आम्ही ऑक्टोबरात घेतला. सोलरच्या सामानावरचा करही त्याच दिवशी १२चा ५ झाला. सामान आणि बसवण्याचं काम मिळून जो एकत्रित कर पडतो तो १३.८चा ८.९वर आला. आमचं १,८५,०००चं काम आज साधारण आठ हजारांनी स्वस्त पडलं असतं. पण जूनपासूनचं ऊनही मिळालं, त्यामुळे त्याची चुटपूट नाही.

सोलरवाल्याबाबत दोन गोष्टी. पोर्टलवर नोंदलेलाच घ्या आणि पॅनल भारतात बनलेल्या सेलचे, म्हणजे डीसीआर, हवेत, नाहीतर सबसिडी नाही. पॅनलचे नंबर बिलाशी स्वतः ताडून बघा. शेवटचा हप्ता नेट मीटर लागेपर्यंत हातात ठेवा. आम्ही वीस हजार ठेवले होते, म्हणूनच तो तपासणीच्या दिवशी वेळेवर आला. पाच वर्षांची देखभाल त्याच्याकडेच असते, ते लिहून घ्या. छतावर शेजारच्या टाकीची सावली कुठे पडते ते डिसेंबरात बघावं, तेव्हा सूर्य खाली असतो आणि सावली लांब. आम्ही मेमध्ये बघितलं, त्यामुळे आता सकाळी दोन पॅनल तासभर झाकले जातात.

थंडीत रात्री एसी चालतो तेव्हा ऊन कुठे असतं, असं सगळे विचारतात. दिवसा जास्तीची वीज नेट मीटरमधून कंपनीकडे जाते, रात्री घेतलेली त्यातून वजा होते. ऊन असलं की तीन किलोवॅट दिवसाला बारा युनिटच्या आसपास देतं. दाट धुक्यात ते खूप खाली येतं, ते गृहीत धरा. आणि बिल पूर्ण शून्य होत नाही, स्थिर आकार येतोच.

डिसेंबरात तानसेन समारोहाच्या दिवसांत थंडी वाढली तेव्हा पहिल्यांदा गरमवर लावला. सासूबाईंनी रिमोट स्वतःकडे घेतलाय. २२वर ठेवतात आणि आता एकच रजई घेतात.

हो, एक राहिलं. गरमवर चालताना पाणी बाहेरच्या युनिटमधून ठिबकतं, आतल्या नाही. फिटिंगच्या वेळीच त्याला वेगळा पाइप काढायला सांगा. आमचं पहिले आठ दिवस खालच्यांच्या अंगणात पडत होतं.